संजीवनी जिन्यावरून पडली नव्हती

यशोधरा साळवेला राग पटकन यायचा, आणि तिच्या वाट्याला खेळ आला होता नेटबॉल, ज्यात रागावून अजिबात चालत नाही. "म्हणजे बास्केटबॉलच ना?" असं कुणी विचारलं की सुरुवातीला ती नीट समजावून सांगायची. चेंडू आपटत पळायचं नाही. उडी मारून झेलला की पाय टेकतील तिथेच थांबायचं आणि तीन सेकंदांच्या आत पुढे द्यायचा. रिंगेच्या मागे बोर्ड नसतो. आणि ज्या मुलीचं काम गोल वाचवायचं, तिने नेम धरणारीपासून तीन फूट लांब उभं राहून हात वर करायचे. धक्का नाही, स्पर्श नाही. स्पर्श झाला की पंच शिट्टी मारतात आणि आपल्याला बाजूला उभं राहून गोल होताना बघावं लागतं.

पुढे पुढे ती एवढंच म्हणायची, "हो, तसंच काहीतरी."

अंबरनाथ पूर्वेला तिचं घर. वडील भीमराव ऑर्डनन्स फॅक्टरीत होते. नववीत असतानाच ती वर्गातल्या सगळ्या पोरांपेक्षा उंच झाली आणि पोरं तिला "खांबा" म्हणायला लागली. एकदा तिने एकाला शाळेच्या गेटवर धरून असा हलवला की त्याचं दप्तर नाल्यात गेलं. त्याच वर्षी उल्हासनगरात आंतरशालेय स्पर्धा होत्या. ती उंच उडीसाठी गेली होती. तिथे नूतन केसवानी नावाच्या पी.टी.च्या मॅडमनी तिला पाहिलं. मॅडम सिंधी. त्यांचं मराठी निम्मं हिंदी असायचं, आणि आवाज असा की उल्हासनगरच्या कॅम्प चारमधून हाक मारली तर कॅम्प तीनमधल्या माणसाने वळून बघावं.

"बेटा, ये हाथ किसने दिये तुझे? उद्यापासून माझ्याकडे यायचं."

"मला खेळायचं नाही. मला अभ्यास आहे."

"अभ्यास कर ना. कोण अडवतंय? साडेपाचला ये, सातला अभ्यासाला जा."

ती गेली. तिथेच तिला किर्ती भोईर भेटली. बदलापूरच्या बेलवलीची, गावातल्या जुन्या शेतकरी घरातली. उंची बेताची, पण पाय असे की समोरची कुठे वळणार हे तिला आधीच कळलेलं असायचं. मॅडमनी किर्तीला गोल डिफेन्सला ठेवलं आणि यशोधराला तिच्या मागे, गोल कीपरला. दोघींनी मिळून रिंग सांभाळायची. मागून यशोधरा ओरडायची, "उजवीकडे! सोड तिला, माझी!" आणि किर्ती मागे न बघता सोडून द्यायची. मागे न बघता. नेटबॉलमध्ये याहून मोठा विश्वास नाही.

पुढची सोळा-सतरा वर्षं त्या दोघी अशाच खेळल्या. जिल्हा, राज्य, मग भारत. कोलंबोतल्या पहिल्या आंतरराष्ट्रीय सामन्यात त्यांची पार धूळधाण झाली. यशोधराने हॉटेलच्या बाथरूममध्ये नळ सोडून रडून घेतलं, आणि बाहेर आली तर किर्ती पलंगावर चढून हात वर करून उभी. म्हणाली, "चल, ती सात नंबरवाली कशी उडी मारत होती ते दाखव. मी ती होते, तू अडव." मॅनेजर येऊन ओरडेपर्यंत दोघी त्या खोलीत उड्या मारत होत्या. नंतरच्या वर्षांत त्यांनी सामने जिंकलेही. परदेशातल्या पोरी "इंडियाची ती उंच कीपर" म्हणून यशोधराला ओळखायला लागल्या. बदलापूर स्टेशनबाहेर एकदा दोघींचा फोटो असलेला अभिनंदनाचा बॅनर लागला. त्यावर "टेनिसपटू" असं छापलं होतं.

किर्तीला खेळाडूंच्या कोट्यातून रेल्वेत नोकरी लागली आणि ती भारताची कॅप्टन झाली. यशोधरा एका शाळेत कंत्राटावर पी.टी. शिकवत राहिली. तिने एकतिशी ओलांडली तेव्हा आशियाई नेटबॉल स्पर्धा जवळ आली होती. ही आपली शेवटची, हे तिने स्वतःच ठरवलं होतं. तिच्या जागी कोण येणार हेही दिसत होतं. चिखलोलीची संजीवनी खाडे. एकोणीस वर्षांची, यशोधरापेक्षाही इंचभर उंच, आणि बोलायला लागली की थांबायची नाही. वडील एमआयडीसीत कामाला. यशोधरा तिला स्वतःची सगळी विद्या देत होती आणि वर शिव्याही देत होती.

"यशोताई, तुम्ही माझ्यावरच जास्त का ओरडता?"

"कारण बाकीच्यांवर ओरडून फायदा नाही."

शेवटचं शिबिर संघटनेचे सचिव दिनानाथ परांजपे यांनी बदलापुरात ठेवलं. तिथे गावाबाहेर एका ट्रस्टचा नवा हॉल उभा राहिला होता आणि दिनानाथ त्या ट्रस्टवरही होते. बाहेर पाटी होती 'क्रीडा संकुल', आणि तिच्या खाली तेवढ्याच अक्षरांत 'लग्न, मुंज व शुभकार्यासाठी उपलब्ध'.

पहिल्या दिवशी आत पाऊल टाकताच यशोधरा थांबली. लाकडी कोर्टच नव्हतं. भिंतीपासून भिंतीपर्यंत चकचकीत टाइल्स, आणि त्यांच्यावर रंगीत चिकटपट्टीने आखलेल्या रेषा. वरच्या दिव्यांचं प्रतिबिंब खाली दिसत होतं.

ती सरळ दिनानाथांकडे गेली. "सर, यावर उडी मारून थांबायचं कसं? घाम पडला की पाय घसरणार. कुणाचा तरी गुडघा जाईल."

"लाकडी फ्लोअरिंग येतंय. थोडा उशीर झालाय."

"मग ते येईपर्यंत मॅडमच्या ग्राउंडवर खेळू. उल्हासनगर काय लांब आहे?"

"साळवे, उद्घाटन झालंय, पाहुणे येऊन गेलेत, पेपरात फोटो आलेत. आता शिबिर मातीत घ्यायचं?" ते हसले. "आणि तुमच्याकडे प्रत्येक गोष्टीचं आंदोलनच करतात का हो? पाय जरा जपून टाका, झालं."

'तुमच्याकडे' या शब्दाचा अर्थ यशोधराला शाळेत असल्यापासून ठाऊक होता. तिच्या कानशिलात रक्त चढलं. तिने किर्तीकडे बघितलं. कॅप्टन म्हणून आता तीच बोलेल असं तिला वाटलं. किर्ती बुटाची नाडी बांधत होती.

"अ‍ॅडजस्ट कर ना यशो," ती मान वर न करता म्हणाली. "आठवड्याचा तर प्रश्न आहे."

चौथ्या की पाचव्या दिवशी सकाळी ते झालं. संजीवनी रिंगेखाली होती. लांबून उंच पास आला, ती उडाली, दोन्ही हातांनी चेंडू वरच्या वर घेतला. इतका सुंदर झेल की यशोधराच्या तोंडून "शाब्बास" निघालंसुद्धा. मग पोरगी खाली आली. डावा पाय टेकला, घसरला, आणि गुडघा आत वळला. आवाज आला. ओली फांदी मोडल्यासारखा, सगळ्या हॉलला ऐकू जाईल असा. संजीवनी लगेच किंचाळली नाही. आधी तिने आपल्या पायाकडे बघितलं, तो भलत्याच दिशेला होता, आणि मग ती किंचाळली.

सगळ्यात आधी किर्ती पोचली. तिने संजीवनीचं डोकं मांडीवर घेतलं. यशोधराने आपलं जॅकेट काढून पायाखाली दिलं. रिक्षातून, एकीने पाय धरून आणि दुसरीने खांदे धरून, त्यांनी तिला हॉस्पिटलात नेलं. डॉक्टरांनी स्कॅन बघून सांगितलं की लिगामेंट पूर्ण तुटलंय, ऑपरेशन करावं लागेल, आणि पुन्हा खेळायचं म्हटलं तर निदान वर्ष जाईल.

दुपारी दिनानाथांनी सगळ्या मुलींना हॉलमध्ये बसवलं. "झालं ते वाईट झालं," ते म्हणाले. "पण संघ चार दिवसांत निघतोय. आता शिबिरावर चौकशी लागली तर दौरा रद्द होईल. म्हणून सगळ्यांनी एकच सांगायचं. संजीवनी राहायच्या जागी जिन्यावरून पडली. मुलीकडे मी स्वतः बघेन, काळजी नको."

यशोधराने विचारलं, "जिन्यावरून पडली म्हटल्यावर संघटनेचा विमा तिला मिळेल?"

"ते नंतर बघू."

"म्हणजे मिळणार नाही. शिबिरात खेळताना लागलं तरच मिळतो."

"साळवे, ही तुमची शेवटची स्पर्धा आहे ना? शांतपणे खेळून या."

बाहेर आल्यावर तिने किर्तीला दंडाला धरून पार्किंगच्या मागे नेलं.

"तू काही बोलली का नाहीस?"

"काय बोलू? दौरा रद्द झाला तर या पंधरा पोरींचं काय? आधी जाऊन येऊ, मग बोलू ना. मी बोलते म्हटलं ना."

"परत आल्यावर कोण ऐकतंय? तोपर्यंत जिनाच खरा झालेला असेल. तिचं डोकं तुझ्या मांडीवर होतं, किर्ते! तुझ्या!"

"हळू बोल."

"का हळू बोलू?"

किर्तीने आजूबाजूला बघितलं. तिचा चेहरा एकदम बारीक झाला. "ती फरशी महेशदादाने बसवलीय," ती म्हणाली. महेश तिचा थोरला भाऊ, बांधकामाची कंत्राटं घ्यायचा. "त्याने सांगितलं होतं त्यांना की हे खेळाचं फ्लोअरिंग नाही. ते म्हणाले, लाव, तारीख जवळ आलीय, वर लाकूड नंतर टाकू. आता केस झाली तर हे लोक हात वर करतील आणि दादा अडकेल. त्याची पोरं लहान आहेत, यशो."

यशोधराला बोलायचं इतकं होतं की ते सगळं एकदम बाहेर येईना.

"म्हणजे पहिल्या दिवसापासून तुला माहीत होतं. मी त्या माणसाशी भांडत होते, तो मला 'तुमच्याकडे' म्हणाला, आणि तू नाडी बांधत बसलीस. तुला माहीत होतं आणि तू त्या पोरीला त्यावर उड्या मारू दिल्यास."

"मला वाटलं काही होणार नाही."

"तुला वाटलं तुझ्या घरातल्या कुणाला काही होणार नाही."

किर्तीने तिला थोबाडीत मारली असती तरी चाललं असतं. तिने मारली नाही. ती रडायला लागली, आणि त्या रडण्याचा यशोधराला आणखीच संताप आला. ती तिला तिथेच सोडून निघाली.

संघ निघायच्या आदल्या दिवशी त्याच हॉलमध्ये निरोपाचा कार्यक्रम होता. टाइल्सवर लाल गालिचा टाकलेला. स्टेजवर मुली नव्या ब्लेझरमध्ये, समोर पालक, नगरसेवक, स्थानिक पेपरांचे चार-पाच बातमीदार. भीमराव पांढरा शर्ट घालून तिसऱ्या रांगेत बसले होते. एका बातमीदाराने विचारलं की यादीतली संजीवनी खाडे दिसत नाही. दिनानाथांनी माइक जवळ ओढला. "फार दुर्दैवी घटना. राहायच्या जागी जिन्यावरून पाय घसरला. मुली फोनवर बोलत चालतात, काय करणार."

पुढच्या रांगेत संजीवनीची आई बसली होती. मुलीच्या वतीने गुच्छ घ्यायला तिला बोलावलं होतं. ती खाली बघत होती, जणू आपल्याच पोरीची चूक.

ते बघितलं आणि यशोधरा उठली. माइककडे जायची तिला गरज नव्हती. सोळा-सतरा वर्षं ती कोर्टाच्या मागच्या टोकावरून ओरडत आली होती.

"खोटं आहे. ती जिन्यावरून पडलेली नाही. ती इथे पडली, या गालिच्याखाली टाइल्स आहेत, त्यांच्यावर. खेळताना पडली. फोन तिच्या बॅगेत होता. गालिचा उचला आणि फोटो काढा."

दिनानाथ म्हणाले, "साळवे, खाली बसा." ती बसली नाही. "काकू, तुमच्या मुलीने काहीही चूक केलेली नाही," तिने संजीवनीच्या आईला सांगितलं. एक बातमीदार खरंच वाकून गालिच्याचं टोक उचलायला लागला. कुणीतरी माइक बंद केला. स्टेजवरच्या मुलींपैकी एकही उठली नाही. किर्ती मधल्या खुर्चीवर बसून होती आणि तिचे हात मांडीवर एकमेकांत घट्ट अडकले होते.

संध्याकाळी निरोप आला की बेशिस्तीबद्दल यशोधरा साळवे हिला संघातून वगळण्यात आलं आहे. भीमराव ब्लेझर हँगरला लावत होते. त्यांनी तो परत घडी करून ठेवला.

"बाबा, मी चुकले का?"

"नाही," ते म्हणाले. "पण मला फार वाईट वाटतंय. ते वाटू दे." आणि ते गॅलरीत जाऊन उभे राहिले.

स्पर्धेचे सामने मोबाइलवर दिसायचे. यशोधरा दुपारी चिखलोलीला जाऊन संजीवनीच्या घरी ते बघायची. संजीवनी पलंगावर, पाय पट्ट्यांमध्ये जखडलेला. आता ती फारशी बोलायची नाही. स्क्रीनवर किर्तीच्या मागे एक नवखी मुलगी उभी होती, जिला ओरडायचं कधी हेच कळत नव्हतं. किर्ती पुन्हा पुन्हा मागे वळून बघत होती. प्रत्येक वेळी ती वळली की तेवढ्यात चेंडू तिच्या डोक्यावरून जायचा.

"मागे काय बघतेस!" यशोधरा फोनवर ओरडली. "पुढे बघ, पुढे!" मग तिच्या लक्षात आलं की तिला या बाईची दया येतेय. त्याचाही तिला राग आला. तिने फोन उलटा ठेवला.

"यशोताई, लावा ना," संजीवनी म्हणाली. "मला बघायचंय. तिथे मी असते."

तिने फोन परत सुलटा केला. भारत सगळे सामने हरला.

संघ परतल्यावर महिनाभरात यशोधराला शिस्तभंग समितीपुढे बोलावलं. उल्हासनगरातल्या एका ऑफिसात समितीची तीन माणसं बसली होती, आणि एका बाजूला दिनानाथ. नूतन मॅडम न बोलावता आल्या आणि खुर्ची ओढून बसल्या. कुणाची त्यांना बाहेर जा म्हणायची हिंमत झाली नाही. संजीवनीचा विम्याचा अर्ज आधीच फेटाळला होता. दिनानाथांचं म्हणणं सरळ होतं: साळवेला वयामुळे आपली जागा जाणार हे दिसत होतं, म्हणून तिने खोटा तमाशा केला. साक्षीला कॅप्टन भोईर आहेत.

किर्ती आत आली. वजन उतरलेलं, डोळ्यांखाली काळं. यशोधराने मान फिरवली. आता ही काय बोलणार हे तिला माहीत होतं, आणि ते ऐकताना आपण खुर्चीवरून उठायचं नाही एवढंच तिने स्वतःला बजावलं.

"भोईर, संजीवनी खाडे कुठे पडली?"

"हॉलमध्ये," किर्ती म्हणाली.

दिनानाथ म्हणाले, "नीट आठवून सांगा."

"नीटच आठवतंय. रिंगेखाली पडली. मी तिचं डोकं मांडीवर घेतलं होतं. यशोधराने पहिल्याच दिवशी सांगितलं होतं की गुडघा जाईल. मी ऐकलं आणि गप्प बसले. ती फरशी माझ्या भावाने बसवलीय. खेळाला चालणार नाही हे त्याने सरांना सांगितलं होतं. त्यालाही बोलवा, विचारा." ती समितीकडे वळली. "जिन्याचं खोटं आहे. ते मीही बोलले. पोरींनाही बोलायला लावलं."

नूतन मॅडम उभ्या राहिल्या. "सुन लिया? आता त्या मुलीचं काय करणार, ते आधी बोला. बाकी भाषण मग करा."

न्याय झाला असं म्हणता येणार नाही. दिनानाथ काही दिवस रजेवर गेले आणि मग सल्लागार म्हणून परत आले. त्या हॉलमध्ये आजही लग्नं लागतात. यशोधरावरची कारवाई मागे घेतली म्हणून कुणी कळवलं नाही. पुढच्या शिबिराला तिला बोलावलं नाही, एवढंच, आणि किर्तीलाही नाही. महेश बहिणीशी बोलायचा बंद झाला. पण संजीवनीच्या दुखापतीची नोंद शिबिरातली म्हणून झाली, विमा मिळाला, आणि तिचं ऑपरेशन एका चांगल्या सर्जनने केलं. ती आता भिंत धरून बसते-उठते. परत खेळेल का, हे कुणी छातीठोक सांगत नाही. ती स्वतः मात्र सांगते, आणि पुन्हा न थांबता बोलायला लागली आहे.

यशोधरा सकाळी मॅडमच्या मैदानावर मुलींना शिकवते. एका सकाळी किर्ती तिथे आली. बराच वेळ कुंपणाजवळ उभी राहिली. मग आत आली.

"यशो."

"बोल."

"मला काही सांगायचं नाहीये. नुसती आले."

"तू त्या खोलीत बोललीस, ते बरं केलंस," यशोधरा म्हणाली. "पण ते स्टेजवर बोलायला हवं होतं. त्याआधी पहिल्या दिवशी. माझा राग गेलेला नाही."

"माहीत आहे."

"जाईल असंही मला वाटत नाही."

"हो."

मैदानात दोन टीम खेळत होत्या. एक बारकी मुलगी नेम धरणाऱ्या मुलीच्या अंगावर धावून जात होती आणि नूतन मॅडमची शिट्टी पुन्हा पुन्हा वाजत होती.

"ती निळ्या टी-शर्टवाली," यशोधरा तिकडे बघतच म्हणाली. "पाय चांगले आहेत, पण थांबत नाही. तुझ्या जागेवर खेळते. मी सांगून थकले. माझ्याशी बोलू नकोस, तिच्याशी बोल."

किर्तीने चपला कडेला काढल्या आणि अनवाणीच मैदानात गेली. यशोधरा तिच्याकडे पाठ करून दुसऱ्या रिंगेकडे वळली आणि तिथल्या मुलीवर, तिची काही चूक नसताना, जोरात ओरडली.